टीव्हीएन ही कोरियन वाहिनी नक्की कोणाची? सॅमसंगची आहे का?

तुम्ही विचारलंय की कोरियन मालिकांवर 'टीव्हीएन' असं बोधचिन्ह दिसतं, ती वाहिनी सॅमसंगची असल्याचं ऐकलंय, ते खरं का. आणि नसेल तर मालक नेटफ्लिक्स आहे का. दोन्ही नाही. पण सॅमसंगची गोष्ट अगदीच हवेतून आलेली नाही. त्यामागे एका घराण्याची वाटणी आहे.

आधी एक स्पष्ट करतो. टीव्हीएन ही कंपनी नाही, वाहिनी आहे. झी मराठी जशी झी एंटरटेनमेंटची, तशी टीव्हीएन सीजे ईएनएम या कंपनीची. एमनेट, ओसीएन, टूनिव्हर्स या वाहिन्याही तिच्याच. त्यामुळे 'टीव्हीएनचे शेअर कोणाकडे' या प्रश्नाला उत्तरच नाही; विचारायचं ते सीजे ईएनएमबद्दल.

आता वाटणी. सॅमसंगचे संस्थापक ली ब्युंग-चुल यांनी 1953 मध्ये चेइल जेदांग ही साखर कंपनी काढली. कोरियात ऊस पिकत नाही. कच्ची साखर बाहेरून आणून ती शुद्ध करायची, असा हा धंदा. (आपल्याकडे साखर कारखान्यांतून राजकारण निघालं, तिकडे टीव्ही निघाला.) 1987 मध्ये संस्थापक वारले आणि सॅमसंगची गादी थोरल्या मुलाला न मिळता तिसऱ्याला, ली कुन-ही यांना मिळाली. थोरले ली मेंग-ही यांच्या घराकडे आली ती ही साखर कंपनी. 1993 मध्ये तिने सॅमसंगपासून वेगळं व्हायला सुरुवात केली, 1997 मध्ये कायदेशीर फारकत पूर्ण झाली आणि 2002 मध्ये नाव बदलून सीजे झालं. भाऊबंदकी मात्र संपली नव्हती. 2012 मध्ये थोरल्या भावाने वडिलांच्या शेअर्समधल्या वाट्यासाठी धाकट्यावर दावा लावला आणि ते हरले. दोन्ही घरं एकमेकांविरुद्ध कोर्टात उभी राहिली, यावरून 'सीजे म्हणजे सॅमसंगच' या समजाचं काय ते कळावं.

थोरल्यांची मुलं, म्हणजे सीजेचे अध्यक्ष ली जे-ह्यून आणि त्यांची बहीण मिकी ली, यांनी 1995 मध्ये हॉलिवूडच्या ड्रीमवर्क्समध्ये 30 कोटी डॉलर घातले. साखर-पिठाच्या कंपनीने मनोरंजनात टाकलेलं हे पहिलं मोठं पाऊल. त्याच वर्षी मार्चमध्ये कोरियात केबल टीव्ही सुरू झाला होता. त्यातली एमनेट ही संगीत वाहिनी त्यांनी 1997 मध्ये घेतली. टीव्हीएन मात्र विकत घेतलेली नाही. ती 9 ऑक्टोबर 2006 रोजी घरचीच म्हणून सुरू झाली.

केबलवर तेव्हा खरी दादा होती ऑन-मीडिया. ती बिस्किटं बनवणाऱ्या ओरायन समूहाची, आणि ओसीएन व टूनिव्हर्स तिच्याकडे. डिसेंबर 2009 मध्ये सीजेने तिचे सुमारे 55 टक्के शेअर घ्यायचा करार केला, पण घेणारी कंपनी होती टीव्हीवरून खरेदी चालवणारी सीजे ओ शॉपिंग. (मुंबईतून चालणारी 'स्टार सीजे' ही खरेदीची वाहिनी आठवत असेल, तर त्यातली सीजे हीच.) इथे एक कायदेशीर अडचण झाली. कोरियाच्या नियमानुसार मुख्य धारक कंपनीच्या (समूहातल्या इतर कंपन्यांचे शेअर धरून ठेवणारी; इथे सीजे कॉर्पोरेशन) नातीला, म्हणजे उपकंपनीच्या उपकंपनीला, पुढे स्वतःची मुलगी-कंपनी ठेवायची असेल, तर तिचे 100 टक्के शेअर घ्यावे लागतात. ओ शॉपिंग ही मुलगी, ऑन-मीडिया ही नात, म्हणजे ऑन-मीडियाच्या उपकंपन्या पणत्या. म्हणून माध्यमांचा धंदा ओ शॉपिंगमधून वेगळा काढला आणि मार्च 2011 मध्ये वाहिन्या, सिनेमा, संगीत, गेम्स असं सगळं एकत्र करून सीजे ई अँड एम उभी केली. 1 जुलै 2018 रोजी तीच कंपनी पुन्हा ओ शॉपिंगमध्ये विलीन झाली आणि एकत्रित कंपनीचं नाव सीजे ईएनएम पडलं. आठ वर्षांत फिरून तिथेच, असं वाटेल. पण तोवर वाहिन्यांचं वजन खरेदीपेक्षा जास्त झालं होतं.

आजचा सातबारा असा: सीजे ईएनएममध्ये सीजे कॉर्पोरेशन या मुख्य धारक कंपनीचे सुमारे 40 टक्के, आणि सीजे कॉर्पोरेशनमध्ये ली जे-ह्यून यांचे सुमारे 42 टक्के. गुणाकार केला तर सीजे ईएनएममधला त्यांचा आर्थिक वाटा 17 टक्क्यांच्या आत येतो, पण ताबा जवळजवळ पूर्ण. अजून एक पायरी उतरा: मालिका बनवणाऱ्या स्टुडिओ ड्रॅगनमध्ये सीजे ईएनएमचे निम्म्याहून थोडे जास्त शेअर आहेत, म्हणजे तिथे अध्यक्षांचा वाटा 9 टक्क्यांच्या आसपास. चेबोल, म्हणजे तिकडची घराण्यांची उद्योगसाम्राज्यं, अशा पायऱ्यांवरच चालतात.

नेटफ्लिक्सचा गोंधळ होतो तो या स्टुडिओमुळे. 'क्रॅश लँडिंग ऑन यू' स्टुडिओ ड्रॅगनने बनवली, कोरियात टीव्हीएनने दाखवली आणि आपण ती नेटफ्लिक्सवर पाहिली. नोव्हेंबर 2019 मध्ये नेटफ्लिक्सने मालिकांच्या कराराचा भाग म्हणून स्टुडिओ ड्रॅगनचे 4.99 टक्क्यांपर्यंत शेअर घ्यायचं ठरवलं. वाहिनीत त्यांचा हिस्सा नाही. पुढच्या वर्षी नेव्हर या कोरियन इंटरनेट कंपनीने शेअरांची अदलाबदल करून सीजे ईएनएमचे 4.99 आणि स्टुडिओ ड्रॅगनचे 6.26 टक्के घेतले. हा 4.99 चा आकडा दोनदा येतो तो योगायोग नसावा असं माझं मत. 5 टक्के गाठले की पाच कामकाजाच्या दिवसांत जाहीर अहवाल द्यावा लागतो, आणि पुढे वाटा कमी-जास्त झाला की पुन्हा.

आता तुम्ही न विचारलेली, पण मालकीशी थेट जोडलेली गोष्ट: टीव्हीएनवर बातम्या का नसतात? तिकडे साध्या केबल वाहिनीला फक्त नोंदणी लागते. बातम्या, सर्वसमावेशक वाहिनी (बातम्यांपासून मालिकांपर्यंत सगळं दाखवणारी) आणि टीव्ही-खरेदी यांना सरकारी मंजुरी. नोंदणीवाल्या वाहिनीला बातमीपत्र चालवता येत नाही. मंजुरी घ्यावी तर मालकीवर मर्यादा येतात: सर्वसमावेशक वाहिनीत मोठ्या उद्योगसमूहाला वा वृत्तपत्राला 30 टक्क्यांपेक्षा जास्त, आणि कोणाही एकाला 40 टक्क्यांपेक्षा जास्त शेअर ठेवता येत नाहीत. डिसेंबर 2011 मध्ये सुरू झालेली, जुंगआंग वृत्तपत्र समूहाची जेटीबीसी या दुसऱ्या प्रकारातली. दोन्ही दिसतात केबलवरच, मालिकाही दोन्हीकडे, पण परवाना वेगळा आणि म्हणून मालकीचा नकाशाही वेगळा. सीजेने बातम्या सोडल्या आणि ताबा राखला.

बातम्या सोडल्या तरी सत्तेशी गाठ पडायची ती पडलीच. 2013 मध्ये राष्ट्राध्यक्ष पार्क ग्युन-हे यांच्या आर्थिक सचिवाने मिकी ली यांनी पद सोडावं म्हणून समूहावर दबाव आणला. टीव्हीएनवरच्या राजकीय विनोदाचा राग त्यामागे होता असं मानलं जातं. 2014 मध्ये त्या अमेरिकेला गेल्या. तो सचिव पुढे न्यायालयात दोषी ठरला.

वाहिनी आणि तार यांतही गल्लत करू नका. घरोघर केबल पोचवणारी हॅलोव्हिजन सीजेचीच होती. ती एसके टेलिकॉमला विकायचा बेत 2016 मध्ये स्पर्धा आयोगाने मोडला. 2019 मध्ये ती एलजी यूप्लस या दूरसंचार कंपनीकडे गेली. जुन्या लेखांत 'सीजेची केबल' असं वाचलंत तर तारीख बघा. तारा गेल्यामुळे वाहिन्यांच्या शुल्कावरून घासाघीस आता परक्याशी करावी लागते: जून 2021 मध्ये शुल्काचं जमलं नाही, तेव्हा एलजी यूप्लसच्या मोबाइल टीव्हीवरून सीजे ईएनएमच्या दहा वाहिन्या बंद झाल्या.

आकडे स्वतः तपासायचे असतील तर कोरियाच्या वित्तीय पर्यवेक्षण संस्थेचं 'डार्ट' हे संकेतस्थळ वापरा. फुकट आहे, नावनोंदणी लागत नाही. कोरियन टंकता येत नसेल तर शेअर बाजाराचा सहा आकडी क्रमांक टाका: सीजे ईएनएम 035760, सीजे कॉर्पोरेशन 001040, स्टुडिओ ड्रॅगन 253450. त्यातून 'साओप बोगोसो' म्हणजे वार्षिक अहवाल उघडा. तो मार्चअखेरपर्यंत येतो. सातव्या प्रकरणात भागधारकांचा तक्ता असतो, नवव्यात समूहातल्या कंपन्या. इंग्रजी आवृत्तीत कागद कमी असतात, त्यामुळे कोरियन पान उघडून ब्राउझरचं भाषांतर लावणं बरं.

चुका ठरलेल्या जागी होतात. 035760 चा 2018 पूर्वीचा इतिहास वाचलात तर टीव्ही-खरेदीचे आकडे मिळतील, कारण विलीनीकरणात ओ शॉपिंग टिकली आणि तिचाच क्रमांक पुढे चालला. टीव्हीएनचे त्या काळातले हिशेब 130960 या बंद झालेल्या क्रमांकाखाली आहेत, ते जुन्या सीजे ई अँड एमचे. दुसरं, तक्त्यातली शेवटची बेरीज एका माणसाची नसते. त्यात नातेवाईक आणि समूहातल्या कंपन्याही धरलेल्या असतात. तिसरं, सीजे कॉर्पोरेशनच्या तक्त्यात साधे आणि प्राधान्य समभाग (लाभांशात पहिला मान, पण सहसा मताधिकार नाही) वेगळे वाचा. 2019 मध्ये काढलेले काही प्राधान्य समभाग दहा वर्षांनी साध्या समभागांत बदलणार आहेत आणि त्यांतले बरेच अध्यक्षांच्या मुलांकडे आहेत, तेव्हा 2029 नंतर वर दिलेले 42 टक्के जसेच्या तसे धरू नका.