लाकडाला पावसापेक्षा कोंडमारा वाईट

प्रश्न : बांधकामासाठी फळ्या आणि वासे आणून ठेवलेत. पावसाच्या धास्तीने सगळं प्लास्टिकच्या कागदात चहूबाजूंनी गुंडाळलं, तरी आतून थेंब दिसतात. कागद फाटला असेल का?

उत्तर : कागद धडधाकट असणार. पाणी लाकडातलंच आहे. दिवसा ऊन तापलं की फळ्यांतला ओलावा वाफ होऊन निघतो, रात्री गार कागदाला लागून त्याचे थेंब होतात आणि पुन्हा फळ्यांवर पडतात. ओलावा साधारण २० टक्क्यांच्या खाली असला की कुजवणारी बुरशी धरत नाही. तुमच्या गाठोड्यात तो खाली यायचं नावच घेणार नाही. आजच कागद सोडा. लाकडाला छत्री हवी, रेनकोट नको. वरून उतार देऊन ताडपत्री, कडा वीतभर बाहेर, बाजू मोकळ्या. ताडपत्रीखाली दोन आडवे वासे टाका, म्हणजे ती लाकडाला चिकटणार नाही.

प्रश्न : आमचा सुतार म्हणतो, फळीवर फळी रचली तरी चालतं. खरं का?

उत्तर : माल पूर्ण वाळलेला असेल आणि चार दिवसांत लागणार असेल, तर त्याचं खरं. ओल्या मालाला अजिबात नाही. थप्पी जमिनीपासून फूट-दीड फूट वर घ्या आणि खालचे टेकू सुतळी ताणून एका पातळीत आणा. दर थरावर साधारण पाऊण इंच जाडीच्या पट्ट्या, दीड-दोन फुटांवर. पट्ट्या सगळ्या एकाच जाडीच्या आणि कोरड्या हव्यात, ओल्या पट्टीचा डाग फळीवर उमटतो.

सगळ्यात जास्त चूक होते ती पुढेच. वरची पट्टी बरोबर खालच्या पट्टीवर आणि शेवटची टेकूवर आली पाहिजे. ती वीतभर जरी सरकली, तरी वरचं वजन अधांतरी फळीवर पडतं आणि फळी त्याच बाकात वाळते. अशी थप्पी मी उघडली आहे. वरच्या दोन थरांतल्या फळ्या सरळ, खालच्या सगळ्या लाटेसारख्या. मग रंधा मारून निम्मी जाडी घालवण्यात काय अर्थ?

प्रश्न : फळ्यांची टोकंच तेवढी का फाटतात?

उत्तर : लाकडातल्या रेषांच्या, म्हणजे फळीच्या लांबीच्या दिशेने पाणी आडव्या दिशेपेक्षा कितीतरी वेगाने निघतं, म्हणून टोक आधी वाळून आकसतं आणि मधला भाग अजून फुगलेलाच असतो. ओढाताणीत चीर पडते. कापल्या कापल्या टोकांना ऑइलपेंटचे दोन जाड हात किंवा मेण लावा. पडलेली चीर मात्र रंगाने बुजत नाही, तेवढं टोक कापायचं.

प्रश्न : थप्पीखाली पिठासारखा भुगा आणि फळ्यांना टाचणीच्या डोक्याएवढी भोकं दिसतात. वाळवी लागली का?

उत्तर : वाळवी मातीच्या नळ्या करत येते, असा भुगा पाडत नाही. हा भुंगा आहे. त्याच्या अळ्या सालीजवळच्या फिकट लाकडातल्या पिष्टावर जगतात, गाभ्याला सहसा शिवत नाहीत. भोक दिसलं म्हणजे एक भुंगा बाहेर पडून गेलेला असतो, पण मागे अळ्या असू शकतात. त्या फळ्या आधी वेगळ्या करा, भोकांभोवती पेन्सिलीने खूण करा आणि भुगा झाडून टाका. दोन-तीन आठवड्यांनी नवा भुगा किंवा नवी भोकं दिसली, तर कीड जिवंत आहे.

प्रश्न : ओलावा मोजायचं मीटर नाही. लाकूड वाळलं हे कसं ओळखू?

उत्तर : ठोकून आवाज ऐकण्यावर माझा भरवसा नाही. टोकापासून फूटभर आतला तुकडा कापा, लगेच वजन करा. मग १०३ अंश सेल्सिअसच्या भट्टीत वजन उतरायचं थांबेपर्यंत ठेवा. समजा ६०० ग्रॅमचा तुकडा ५०० वर थांबला. गेलेले १०० भागिले ५००, म्हणजे ओलावा २० टक्के. बरेच जण ६०० ने भागतात आणि ओला माल कोरडा समजून चौकटीला लावतात.