‘काळा तेजोमेघ’ म्हणावे का?

घणसोलीहून आलेला प्रश्न: शाळेच्या विज्ञान प्रदर्शनातल्या फलकावर ‘डार्क मॉलिक्युलर क्लाउड’साठी (अवकाशातल्या वायू-धुळीच्या काळ्या ढगासाठी) ‘काळा तेजोमेघ’ लिहिले आहे. चालेल का?

नाही चालणार. तेजस् आणि मेघ यांचा संधी होऊन ‘तेजोमेघ’ झाला. ज्यातून उजेडच येत नाही त्याला तो लावणे म्हणजे नाव सोनूबाई, हाती कथलाचा वाळा. ‘नेब्युला’साठी विश्वकोशात असलेला ‘अभ्रिका’ इथे अडत नाही, कारण अभ्र म्हणजे नुसता ढग. पण फलक वाचणाऱ्या मुलांना तो शब्द परका वाटेल.

काही जण ‘धूलिमेघ’ सुचवतात. काळेपणा धुळीमुळे येतो हे खरे. तिचे कण निळा प्रकाश जास्त अडवतात, तांबडा कमी, आणि अवरक्त किरण बरेचसे पार जातात. मात्र वस्तुमानात धूळ शंभरात जेमतेम एक भाग. बाकी वायू, तोही मुख्यतः हायड्रोजनचे रेणू. म्हणून ‘रेणुमेघ’ योग्य. एकटा ‘रेणू’ दीर्घ, समासात पहिला आला की ‘णु’ ऱ्हस्व, जसे अणुऊर्जा, वायुदल.

खरी गोम ‘डार्क’मध्ये आहे. बार्नार्ड ६८ हा सुमारे ५०० प्रकाशवर्षांवरचा, अर्धा प्रकाशवर्ष रुंदीचा मेघ मागचे तारे झाकतो आणि आकाशाला भोक पडल्यासारखा दिसतो. हा ‘कृष्ण रेणुमेघ’. नुसते ‘कृष्णमेघ’ लिहू नये. जुलैत घणसोलीत कोणीही ते वाचून आधी खिडकीबाहेर बघेल.

दुसरा ‘डार्क’ वेगळा: शोधात न सापडणारा. हायड्रोजनच्या रेणूत दोन्ही अणू सारखेच असल्यामुळे थंड असताना तो जवळजवळ काहीच उत्सर्जित करत नाही. म्हणून खगोलशास्त्रज्ञ त्याच्या सोबतच्या कार्बन मोनॉक्साइडची २.६ मिलिमीटरची रेडिओलहर शोधतात; अवकाशात ती १९७० मध्ये प्रथम सापडली. विरळ मेघात अतिनील किरण कार्बन मोनॉक्साइड फोडून टाकतात, हायड्रोजनचे रेणू मात्र टिकतात, आणि मेघ नोंदीतून निसटतो. २०२५ मध्ये जाहीर झालेला, सुमारे ३०० प्रकाशवर्षांवरचा ‘इऑस’ असाच सुटला होता. तो सापडला तो त्याचा हायड्रोजन दूर-अतिनीलात चमकतो म्हणून! त्याला ‘कृष्ण’ म्हणणे चूक. ‘अलक्षित रेणुमेघ’ म्हणा. (इऑस ही ग्रीकांची पहाटदेवी, शब्दाच्या मुळाने आपल्या उषेची सख्खी बहीण.)

फलकावरचे छायाचित्र कोणते तेही पाहा. मृग नक्षत्रातला अश्वमुख मेघ असेल, तर एका बाणाने भागणार नाही: काळ्या घोड्याच्या डोक्याकडे ‘कृष्ण रेणुमेघ’ आणि मागच्या तांबड्या झळाळीकडे ‘तेजोमेघ’.