जुन्या चेक सिनेमावाल्यांच्या मुलाखती चित्रित करायला प्रागला निघालास तर...

शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांचा चेक दिग्दर्शक यिरी मेंझेलवरचा ‘चेकमेट’ (२०१८) हा माहितीपट आधी बघ. सात तासांहून मोठा आहे, बैठक मारूनच बस. त्यात दिग्दर्शिका वेरा खितिलोवा बोलतात. त्या २०१४ मध्ये गेल्या. दिग्दर्शक मिलोश फोरमन २०१८ मध्ये, खुद्द मेंझेल २०२० मध्ये. तेव्हा पैसे पुरेसे जमले की जाऊ, हा विचार सोड.

इंग्रजीचा आग्रह नको, त्यांना चेकमध्येच बोलू दे. दुभाष्याला लेन्सच्या अगदी शेजारी बसव, नाहीतर नजर भलतीकडे जाते. ऑस्करबद्दल विचारलंस तर पाठ झालेलं उत्तर मिळेल. ‘त्या शॉटला कॅमेऱ्याची ट्रॉली कशावरून ढकलली?’ असं विचार, हात आपोआप हलायला लागतात. आणि उत्तर संपलं तरी लगेच पुढचा प्रश्न टाकू नकोस. खरं ते बऱ्याचदा त्या शांततेनंतर येतं.

आवाजासाठी त्यांचा फ्रिज बंद करशील, तेव्हा तुझ्या किल्ल्या त्यातच ठेव. म्हणजे तो चालू केल्याशिवाय निघता येणार नाही. एका आजींचं अख्खं फ्रीझर वितळवून आलोय मी, अजून लाज वाटते.

जुन्या सिनेमांतल्या दृश्यांचे हक्क ही वेगळीच डोकेदुखी, त्यावर फोनवर बोलू.