घरगुती वॉटर सॉफ्टनरमध्ये मीठ का घालावे लागते? ते पाण्यात उतरते का?

मीठ थेट वापराच्या पाण्यात मिसळत नाही. टाकीत रेझिनचे, म्हणजे प्लास्टिकसारख्या पदार्थाचे, बारीक, मधाच्या रंगाचे मणी असतात. त्यांच्यावरील सोडियमची बोअरच्या कठीण पाण्यातील कॅल्शियम व मॅग्नेशियमशी अदलाबदल होते, म्हणून गीझरच्या कॉइलवर पांढरा थर साचत नाही. मण्यांची क्षमता संपली की त्यांच्यावरून मिठाचे सुमारे 10 टक्के द्रावण सोडतात. सोडियम पुन्हा मण्यांवर बसते आणि सुटलेले कॅल्शियम क्लोराइडसह गटारात जाते. हे खारे सांडपाणी झाडांना मुळीच घालू नये. मात्र वापराच्या पाण्यातून लिटरमागे 300 मिलिग्रॅम कठीणता (कॅल्शियम कार्बोनेटच्या मापात) काढली, तर त्याच लिटरमध्ये सुमारे 138 मिलिग्रॅम सोडियम वाढते. त्यामुळे घरात रक्तदाबाचा रुग्ण असल्यास पिण्याचा नळ सॉफ्टनरला जोडू नये, असे मी आग्रहाने सांगेन.