किल्ली त्याच अंकात

पुणे

अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझे पत्र आणि सोबतचा मजकूर परवा मिळाला. मुठेतून ओंकारेश्वर ते संगम अशी होड्यांची फेरी सुरू होणार, ही 1 एप्रिलची थट्टेची बातमी तू चांगली रचली आहेस. खुलासा दुसऱ्या दिवशी छापावा, असे सहकारी म्हणतात आणि तुझे मन त्याला राजी होत नाही. मग विचारतेस कशाला? तुझेच मन बरोबर आहे. वाचकाच्या हाती कुलूप द्यायचे, तर त्याची किल्ली त्याच अंकात, त्याच बातमीत दिली पाहिजे.

न्यूयॉर्कच्या 'सन' या वृत्तपत्राने 1835 साली चंद्रावर वटवाघळासारख्या पंखांची माणसे दिसल्याची लेखमाला छापली आणि ती जॉन हर्शेल या हयात खगोलशास्त्रज्ञाच्या नावावर खपवली. सरळ कबुली त्या पत्राने दिलीच नाही. ही लबाडी झाली, तिच्याविषयी अधिक लिहीत नाही. मला छळते ती 'न्यूयॉर्क हेरल्ड'ची 9 नोव्हेंबर 1874 ची बातमी. सेंट्रल पार्कमधील हिंस्र प्राणी पिंजऱ्यांतून सुटून माणसे फाडत आहेत, असे रकानेच्या रकाने वर्णन आणि हे सारे कल्पित असल्याचा खुलासा अगदी शेवटच्या परिच्छेदात. घाबरलेला माणूस शेवटच्या परिच्छेदापर्यंत थांबत नाही.

हे मी पुस्तकातून शिकलो नाही. उमेदवारीच्या काळात मी एक बातमी रचली होती: कात्रजच्या पेशवेकालीन नळाच्या एका उच्छ्वासात, म्हणजे हवा जाण्यासाठी बांधलेल्या मनोऱ्यात, तांब्याचा हंडा सापडला असून त्यात पेशव्यांच्या सावकारांची यादी आहे आणि वंशजांनी कागद दाखवल्यास देणे व्याजासह फेडले जाईल. खुलासा होता, पण तो 'उर्वरित मजकूर पान 6 वर' गेला होता. दुपारी सदाशिव पेठेतले एक वृद्ध गृहस्थ कचेरीत आले. त्यांनी माझ्या टेबलावर मोडी कागदांचा रुमाल ठेवला, गाठ सोडली आणि प्रत्येक कागद तळहाताने सपाट करीत एकावर एक लावला. पान 6 मी त्यांना बोट ठेवून दाखवले. त्यांनी ते दोनदा वाचले, कागद त्याच क्रमाने परत बांधले आणि एक शब्दही न बोलता ते जिना उतरले.

संपादक रागावले तेव्हा मी वाद घातला की खुलासा त्याच दिवशी छापला होता, लपवला नव्हता. तो मुद्दा मला आजही अगदीच चुकीचा वाटत नाही. पान उलटणे हे वाचकाचेही काम आहे. पण किल्ली त्याच अंकात असून भागत नाही, ती हाताला लागेल अशी हवी, हे मला तो रुमाल पाहून कळले.

किल्ली दिली की गंमत मरते, हे तुझ्या सहकाऱ्यांचे म्हणणे मला मान्य नाही. 'गार्डियन'ने 1 एप्रिल 1977 रोजी सॅन सेरिफे नावाच्या कल्पित बेटांवर सात पानांची पुरवणी काढली. राजधानी बोडोनी, सत्ताधीश जनरल पिका, दोन मुख्य बेटांचा आकार मिळून अर्धविरामाचा. छपाईच्या परिभाषेतली नावेच किल्ल्या झाली होती. याला कारागिरी म्हणतात. उशिरा दिलेल्या किल्लीचे काय होते, तेही पाहा. अमेरिकी पत्रकार मेंकेन यांनी 1917 साली अमेरिकेतील न्हाणीच्या टबाचा खोटा इतिहास लिहिला आणि 1926 साली कबुली दिली, तरी पुढेही लोक तो खरा म्हणून सांगत राहिले. आता तर मथळ्याचा फोटो तेवढा व्हॉट्सॲपवर फिरतो; तुझा दुसऱ्या दिवशीचा खुलासा त्याच्यामागे कुठवर धावणार?

म्हणून तुझ्या मजकुरात मी दोनच बदल केले आहेत. पहिली फेरी 31 एप्रिलला सुटेल, असे मथळ्याखालीच घातले आहे. आणि खडकवासल्यातून जादा पाणी सोडणार असल्याचे वाक्य पूर्ण काढले आहे. 12 जुलै 1961 ला पानशेत फुटलेले पाहिलेली माणसे या शहरात अजून आहेत. नदीच्या पाण्याची थट्टा त्यांच्याशी करायची नाही. हे वाक्य कोणी परत घालू लागले, तर बातमीच मागे घे.

तुझा,
काका