‘त्या बाईचं शेवटी काय झालं ते तिला सांगा’ म्हणताय, तर सांगते

नमस्कार दादा,

लातूरहून आलेलं तुमचं पत्र दोनदा वाचलं. बाकीच्या वाचकांसाठी थोडक्यात सांगते. मुलीने मेडिकलची नीट परीक्षा दोनदा दिली, आधी ३८६ मार्क आणि मग ४२१. मग फिलिपिन्सला मेडिकलला पाठवायचं ठरलं, एजंटला टोकन म्हणून २ लाख देऊन झाले. मुलगी त्या देशाची माहिती काढत बसली आणि तिथल्या लेनी रोब्रेडो नावाच्या विरोधी पक्षातल्या एका महिला नेत्याचे व्हिडिओ बघत सुटली. आता म्हणते मला लॉ करायचंय, पुढे राजकारणात जायचंय. तुम्ही तिचा फोन काढून घेतलाय. आणि मला लिहिलंय की, "त्या बाईचं शेवटी काय झालं ते तुम्ही तिला सांगा, नवरा गेला, इलेक्शन हरली, हाती काय लागलं."

मार्कांचं नंतर बघू. मी अडकले ती पत्रातल्या खालच्या एका ओळीवर, "पंधरा दिवस झाले, ती जेवायला बसली की मी उठून जातो." ही ओळ तुम्ही अगदी सहज लिहिलीय, जणू घरात पाहुणे आले होते तशी. दादा, दोन वर्षं पोरगी क्लासच्या टेस्ट सिरीजमध्ये पिळून निघालीये, दोनदा रिझल्ट लागला तेव्हा शेजारपाजारचे फोन तिनेच उचलले असणार, आणि आता बाप ताटावरून उठतो. तिला वाटणारच की आपली किंमत ४२१ आहे. ती राजकारणाचं खूळ घेऊन बसलीये असं तुम्हाला वाटतं, मला मात्र वाटतं की दोन वर्षांत पहिल्यांदाच तिने स्वतःहून काहीतरी वाचलंय आणि ते घरात बोलून दाखवलंय. ते ऐकून घेणारं घरात कुणीच नाही.

आणि नवरा गेला हे कारण म्हणून देऊ नका हो. १९ वर्षांच्या मुलीला "बघ, तिचा नवरा मेला" असं सांगून वकिलीपासून तोडायचं, हे मी करणार नाही. स्पष्ट सांगते, राग आला तर येऊ दे.

आता त्या बाईंचं काय झालं ते सांगतेच, पण तुम्ही वाचा, कारण मुलीला हे बहुतेक पाठ असेल. जन्म १९६५ चा, नागा नावाच्या गावातला. वडील न्यायाधीश. १९८६ ला इकॉनॉमिक्सची पदवी, म्हणजे तिथला हुकूमशहा राष्ट्राध्यक्ष, थोरला मार्कोस, देश सोडून पळाला तेच वर्ष. लगेच लॉ करायचं सोडून सरकारी विकास प्रकल्पात नोकरी धरली, लग्न झालं, पहिली मुलगी झाली, संसार सांभाळत लॉ १९९२ ला पूर्ण केलं आणि बारच्या परीक्षेत नापास! सनद मिळाली १९९७ ला. पदवीपासून मोजा, ११ वर्षं होतात. तुमच्या मुलीची दोन वर्षं गेली म्हणून तुम्ही कपाळाला हात लावून बसलाय.

सनद मिळाल्यावर तरी मोठं ऑफिस थाटलं का, तर नाही. आधी ज्यांना वकील परवडत नाही त्यांच्यासाठीची सरकारी वकिली, मग सालिगन नावाच्या वकिलांच्या संस्थेत, शेतकरी, मच्छीमार, गावातल्या बायका यांना कायदा समजावून सांगायचं काम, की ही नोटीस आली तर काय करायचं, जमिनीचा कागद कसा वाचायचा. अशी वर्षानुवर्षं. नवरा जेसी रोब्रेडो नागाचा महापौर होता, २००० साली त्याला मॅगसेसे मिळालं (आपल्या बाबा आमट्यांना मिळालं तेच). २०१२ च्या ऑगस्टमध्ये घरी येताना त्याचं छोटं विमान समुद्रात पडलं. त्या सुमारास बाईंनी न्यायाधीशाच्या जागेसाठी अर्ज केलेला होता, म्हणजे वडिलांच्याच वाटेने चालल्या होत्या. २०१३ ला लोकांच्या आग्रहाने खासदारकीला उभ्या राहिल्या आणि तिथल्या एका बलाढ्य राजकीय घराण्याला हरवून निवडून आल्या. सहानुभूती होतीच, कोण नाही म्हणतं, पण आधीची पंधरा वर्षं गावोगाव घातलेली होती हे तुमच्या हिशोबात आलेलंच नाही. खासदार झाल्यावरही मनिला ते नागा साध्या बसने जायच्या, रात्रभराचा प्रवास, आपण लातूरहून पुण्याला रात्रीची गाडी पकडतो तसा.

तुमचा एक गैरसमज मात्र काढायलाच हवा. तुम्ही विचारलंय, "ती उपराष्ट्राध्यक्ष होती ना, मग विरोधी पक्षातली कशी?" तिथे राष्ट्राध्यक्ष आणि उपराष्ट्राध्यक्ष यांना लोक वेगवेगळं मत देतात, जोडीने पॅनल निवडून येत नाही. त्यामुळे २०१६ ला राष्ट्राध्यक्ष झाले दुसऱ्या पक्षाचे दुतेर्ते, आणि उपराष्ट्राध्यक्ष झाल्या या, त्या थोरल्याच्या मुलाला, धाकट्या मार्कोसला जेमतेम २ लाख ६३ हजार मतांनी हरवून. त्याने निकालाला आव्हान दिलं, ते प्रकरण २०२१ ला एकमताने फेटाळलं जाईपर्यंत डोक्यावर टांगलेलंच. गृहनिर्माणाचं खातं दिलं होतं, तर २०१६ च्याच डिसेंबरमध्ये मोबाईलवर मेसेज आला की सोमवारपासून कॅबिनेटच्या मीटिंगला येऊ नका. मेसेज हो, पत्रसुद्धा नाही! बाईंनी राजीनामा दिला. २०१९ ला अमली पदार्थांविरोधातल्या समितीवर नेमलं आणि १८ दिवसांत काढलं. म्हणजे पद मोठं पण हातात खातं नाही, बजेट तुटपुंजं, मग ऑफिसमधूनच गरिबांसाठी खाजगी मदत जमवून योजना चालवल्या. विरोधात बसणं हे असं असतं, आणि हे मुलीलाही नीट कळू दे, कारण व्हिडिओत त्यांच्या प्रचारातली गुलाबी टीशर्टातली लाखोंची गर्दी दिसते, हा मेसेज दिसत नाही.

२०२२ ला राष्ट्राध्यक्षपदाला त्याच मार्कोससमोर हरल्या, दीड कोटी विरुद्ध तीन कोटींच्या वर, सपशेल. इथपर्यंत तुमचं बरोबर. पण तुम्ही गोष्ट इथेच थांबवलीत. प्रचारातल्या स्वयंसेवकांना घेऊन दोनेक महिन्यांत संस्था उभी केली, आणि २०२५ ला नागाच्या महापौरपदाला उभ्या राहून निवडून आल्या, तिथल्या पहिल्या महिला महापौर. नागाची वस्ती २ लाखांच्या आसपास, तुमच्या लातूरपेक्षा लहान गाव. देशातलं दोन नंबरचं पद भूषवून नगराच्या गटाराचं आणि पुराचं बघायला परत आलेली बाई. याला तुम्ही "हाती काय लागलं" म्हणता, तर मला तुमचा तराजूच कळत नाही. आणि हो, त्यांची मधली मुलगी डॉक्टर आहे, तेवढं तुमच्या समाधानासाठी.

आता मुलीसाठी, तिला फोन परत दिला की वाचू दे. बाळा, राजकारण हे बारावीनंतर घ्यायचं करिअर नाही. ग्रामपंचायतीला उभं राहायला २१ वय लागतं, विधानसभेला २५, आणि डिग्री कुठलीच लागत नाही, त्यामुळे त्याची तयारी म्हणून लॉ करू नकोस. कागद वाचायला आवडत असेल तरच कर. आवडतं का हे व्हिडिओवरून कळत नाही, म्हणून जिल्हा न्यायालयात विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस आहे तिथे जा, पॅरा लीगल व्हॉलंटियर (लोकांना कायद्याची प्राथमिक मदत करणारे स्वयंसेवक) कधी घेतात ते विचार, आणि नाहीच जमलं तर आठ दिवस नुसती कोर्टात मागच्या बाकावर बस. तारीख पे तारीख, पंख्याचा आवाज, वारसाच्या नोंदीसाठी चौथ्यांदा आलेली म्हातारी. हे बघून कंटाळा आला तर मला तसं कळव, त्यात लाज काही नाही. नाही आला तर लॉ सीईटी दे, ५ वर्षांचा कोर्स, नॅशनल लॉ हवं असेल तर क्लॅट.

दादा, फिलिपिन्सचं एकच बोलते. आपल्या एनएमसीचा (नॅशनल मेडिकल कमिशनचा) २०२१ चा नियम आहे की परदेशातला मेडिकलचा कोर्स किमान ५४ महिन्यांचा हवा आणि वर १२ महिन्यांची इंटर्नशिप तिथेच. तिकडचा नेहमीचा एमडी (आपल्या एमबीबीएसच्या जागी असलेली पदवी) ४ वर्षांचा, म्हणजे ४८ महिने, आणि त्याआधीचा बीएस, म्हणजे प्री-मेडिकलचा कोर्स, यात धरत नाहीत. एजंट म्हणेल आमच्या कॉलेजने कोर्स वाढवलाय, तर कॉलेजच्या लेटरहेडवर मागा. दिलं नाही तर टोकन परत मागा, पावती जपून ठेवा आणि त्याच्याशी झालेलं व्हॉट्सअपवरचं बोलणं डिलीट करू नका. ते मुलीच्या फोनमध्ये असेल तर तेवढ्यासाठी तरी तिच्याशी बोलावं लागेल तुम्हाला.