नव्या घरात करमत नाही

प्रश्न : वरळीच्या बीडीडी चाळीत मी लग्न होऊन आले आणि तिथेच म्हातारी झाले. पुनर्विकासात आम्हाला टॉवरमध्ये ५०० चौरस फुटांचे घर मिळाले. मुलगा-सून मायेने वागतात. पण दोघे कामावर गेले की संध्याकाळपर्यंत कोणाशी बोलणे होत नाही. इतके चांगले घर मिळूनही रडू येते, हे सांगायची लाज वाटते. काय करावे?

उत्तर : ताई, यात लाज वाटण्यासारखे काहीच नाही. १९२०च्या दशकात बांधलेल्या तुमच्या चाळीत मधल्या पॅसेजच्या दोन्ही बाजूंना १६० चौरस फुटांच्या खोल्या होत्या आणि संडास सामाईक होते. त्यामुळे पाणी भरताना, रांगेत उभे असताना, दारात बसून लसूण सोलताना माणसांची गाठ आपोआप पडे आणि एखादे दार सकाळी उशिरापर्यंत उघडले नाही, तर शेजारीण हाक मारी. (त्या जागेची अडचण बायकांनीच अधिक सोसली, रात्री-अपरात्री संडासाला जाण्याची भीतीसुद्धा, म्हणून चाळीच्या आठवणींनी नुसते गहिवरणे मला पटत नाही.) टॉवरमध्ये नळ, संडास, दार सारे ज्याचे त्याचे झाले आणि सोडतीने घरे वाटली गेल्यामुळे जुना शेजारही पांगला. एवढी वर्षांची सवय तुटल्यावर जीव कासावीस होणारच.

तेव्हा भेटीगाठी आता ठरवून कराव्या लागतील. चाळीतल्या तुमच्या मजल्यावरच्या जुन्या मैत्रिणी आता कोणत्या मजल्यावर राहायला गेल्या, याची सोसायटीच्या कार्यालयात चौकशी करा आणि त्यांना घेऊन आठवड्यातून एका दुपारी कोणाच्या तरी घरी हरिपाठ सुरू करा. दुपारी जाळीचे दार लावून आतले लाकडी दार उघडे ठेवता येईल. सुनेला सुरक्षिततेची काळजी वाटेल, म्हणून तिच्याशी आधी बोलून घ्या. सोसायटीचा हॉल दुपारी वृद्धांसाठी उघडा ठेवावा, असा अर्ज चार-पाच जणींच्या सह्यांनी समितीला द्या.

झोप उडाली असेल, जेवण जात नसेल आणि हे दोन आठवड्यांहून अधिक टिकले असेल, तर डॉक्टरांना दाखवायला टाळाटाळ करू नका. ज्येष्ठ नागरिकांसाठी १४५६७ ही मोफत हेल्पलाइनही आहे. मुलाला मात्र हे आजच सांगा. तुम्ही दिवसभर एकट्या बसून रडता, याची त्याला कल्पनाही नसेल.